सहाणेच्या चित्रामागे

मित्रांनो, माझ्या अंगावर जे चित्र आहे ते माझे स्वतःचे नाही. ते मला मागाहून चढवले. जन्मलो तेव्हा मी इतरांसारखाच एक पिवळा चौकोन होतो. डाव्या कोपऱ्यात इवलासा बाण आणि खाली इंग्रजीत नाव. काँप्युटरच्या पडद्यावर अशी छोटी चित्रे तुम्ही रोज पाहता. त्यांना आयकॉन म्हणतात. आमच्यातल्या बाणवाल्यांच्या पोटात काहीही नसते. आम्हाला फक्त एक पत्ता ठाऊक असतो. तुम्ही टिचकी मारता आणि आम्ही त्या पत्त्यावर जाऊन दार उघडतो. हे आधीच सांगून ठेवतो, कारण ही साधी गोष्ट त्या घरात वेळेवर कुणाच्या ध्यानात आली असती, तर आज मला तोंड उघडावे लागले नसते.

माझे घर काशीत, दूधविनायकाच्या गल्लीत. घरात तीन माणसे. ढुंढिराज, म्हणजे सगळ्यांचे बाबा. त्यांचा मुलगा निनाद, तो रेल्वेत नोकरीला. आणि सून मालविका, ती पुण्याची, इथे बँकेत काम करते. काँप्युटर निनादच्या कॉलेजच्या दिवसांतला होता. चालू केला की आधी घरघरायचा, मग विचार करायचा, मग कुठे पडदा उजळायचा. तेवढ्यात बाबांचा चहा पिऊन होई.

बाबांनी आयुष्यभर पंचांगाची प्रुफे तपासली. तिथी-नक्षत्रांच्या त्या बारीक कोष्टकांतून एखादी चुकलेली मात्रा ते अशी उचलत, की छापखान्यातली माणसे तोंडात बोट घालत. दोन वर्षांपूर्वी एका सकाळी ते अहिल्याबाई घाटावर फिरायला गेले आणि घाटाच्या नावाच्या पाटीसमोर उभे राहिले. मग ओळखीच्या विष्णु नावाड्याला म्हणाले, “क्यों भाई, यह बोर्ड किस भाषा में लिख दिया?” विष्णु हसला. पाटी तीच होती. बाबांच्या मेंदूतली एक शीर त्या सकाळी बंद पडली होती. डॉक्टर म्हणाले, डोळे ठीक आहेत, बोलणे ठीक आहे, फक्त अक्षरे गेली. हाताने त्यांना लिहिता येई, पण स्वतः लिहिलेले स्वतःला वाचता येईना. कागदावर नुसत्या मुंग्या दिसतात, असे ते सांगत.

वाचणाऱ्या माणसाचे वाचणे गेले तर उरते काय? बाबा दिवसभर खिडकीशी बसून राहू लागले. काँप्युटरवर ते पूर्वी बुद्धिबळ खेळत. पण खेळ उघडायचा तर नाव वाचायला हवे, आणि आम्ही सगळे आयकॉन त्यांना सारखेच दिसत. एकदा बुद्धिबळ समजून त्यांनी भलतेच काही उघडले आणि ते बंद करता येईना म्हणून मेन स्विच बंद केला. घरातला पंखाही थांबला.

आमचे रूप पालटले ते मालविकाने. आयकॉन बदलता येतो हे तिने कुठेतरी वाचले होते. आधी तिने काँप्युटरने देऊ केलेल्या चित्रांतून एकेक लावून पाहिले. एक झाड, एक चांदणी, एक कुलूप. बाबा म्हणाले, “अगं, झाडाखाली मला बुद्धिबळ कसं सापडणार? झाड बघून मला झाडच आठवतं.” मग ती घरभर फिरली आणि रोजच्या वस्तूंचे फोटो काढून आणले. कापून, चौकोनी करून, त्यांचे आयकॉन बनवले. बुद्धिबळाला बाबांच्या जुन्या लाकडी पटावरचा घोडा मिळाला. गाण्यांना एकतारी मिळाली. आवाज मुद्रित करायच्या यंत्रणेला देवघरातला शंख मिळाला. आणि मला मिळाली सहाण, चंदन उगाळायची ती गोल दगडी सहाण. ही निवड बाबांची.

“शब्द काही सरळ येत नाहीत, मालविके,” ते म्हणाले. “उगाळावे लागतात. ह्याला सहाणच लाव.”

कारण माझ्याकडचा पत्ता त्यांच्या शब्दांचा होता. वाचता येत नसले तरी बोलता येत होते. म्हणून बाबांनी काशीतल्या मराठी घरांतले जुने शब्द बोलून ठेवायचे ठरवले. सात-आठ पिढ्या इथे काढलेल्या घरांची मराठी पुण्यासारखी कशी असेल? न्याहारीला कलेवा म्हणणारी माणसे ही. शिवाय पुण्याकडे जे शब्द केव्हाच मेले, ते इथे स्वयंपाकघरातून सुखाने नांदत होते. बाबा शंखावर टिचकी मारत, लाल बटण दाबत आणि एक शब्द सांगत. तो कोण म्हणे, कोणत्या ओट्यावर बसून म्हणे, म्हणताना हात कसा करी, सगळे सांगत. दीड वर्षात तीनशे चाळीस शब्द झाले. रोज संध्याकाळी ते माझ्यावर टिचकी मारत आणि आपलेच बोलणे ऐकत, चुका काढत. प्रुफे तपासायची सवय जाते थोडीच! मित्रांनो, त्या दीड वर्षात मी सुखी होतो. त्यांच्या माउसचा बाण माझ्याकडे यायला लागला की मला भरून येई.

आता एक रुक्ष गोष्ट सांगतो, ती नीट ऐका. या काँप्युटरच्या पोटात दोन कप्पे होते. पहिल्या कप्प्यात त्याचा स्वतःचा कारभार आणि बाबांचे तीनशे चाळीस शब्द. ते तिथे कुणी ठेवले नव्हते, यंत्रणा आपोआप ठेवत गेली होती. दुसऱ्या कप्प्यात मालविकाने आमची चित्रे ठेवली होती. घोडा, एकतारी, शंख आणि सहाण.

मार्च संपत आला होता. बँकेत मार्चअखेरीची धांदल, मालविका उजाडताच जाई आणि दमून परते. त्यातच तिचा भाऊ शार्दूल पुण्याहून आईवडिलांना काशी दाखवायला आला. विमा कंपनीत नोकरी, तिशीचा, मनाने लाख माणूस. पण दिसेल ते दुरुस्त करायची त्याला भारी हौस. दोन दिवसांत त्याने नळ दुरुस्त केला, घंटी दुरुस्त केली आणि तिसऱ्या दिवशी, शुक्रवारी, त्याची नजर काँप्युटरवर पडली.

“काका, हा पार मेटाकुटीला आलाय. सगळं नव्याने बसवून देऊ का? वाऱ्यासारखा पळेल.”

बाबा घाटावर निघाले होते. हातात काठी, खांद्यावर उपरणे. दारातूनच म्हणाले, “आधी पुसून घे, मग काय ते कर.”

आता बाबांच्या घरात पुसणे म्हणजे विचारणे. त्यांच्या आईचे तसे, आजीचे तसे. कुणाला पुसायचे तर मालविकाला, हेही त्यांनी सांगितले नाही, कारण काँप्युटरचे तिलाच पुसायचे हे घरात सगळ्यांना ठाऊक. शार्दूलला मात्र पुसणे एकच ठाऊक होते, फडक्याने पुसून साफ करतात ते. हा शब्द बाबांनी एकशे अठरावा म्हणून सांगून ठेवलेला होता, आणि तो सांगताना खूप हसले होते. मी हसण्याच्या मनःस्थितीत नाही, तुम्हीही हसू नका.

शार्दूल काही निष्काळजी नव्हता. त्याने पडद्यावरचे सगळे, म्हणजे आम्हा आयकॉनांना, उचलून पेन ड्राइव्हवर ठेवले. “सगळं घेतलंय,” असे स्वतःशीच म्हणालाही. मी जिवाच्या आकांताने ओरडत होतो. अरे, माझ्या पोटात काही नाही! मी नुसता पत्ता आहे! घर तिकडे आहे, ते पाडू नकोस! पण चित्राला आवाज कुठला? त्याने पहिला कप्पा पुसला. तासाभराने नवा कारभार बसला आणि त्याने आम्हाला पुन्हा पडद्यावर आणून सोडले. दुसरा कप्पा शाबूत होता, त्यामुळे आमची चित्रे जशीच्या तशी परत आली. घोडा, एकतारी, शंख, सहाण. आपापल्या जागी, तजेलदार.

“बघ ताई, काहीसुद्धा हललं नाही,” असे त्याने मालविकाला फोनवर सांगितले आणि दुपारच्या गाडीने मंडळी पुण्याला गेली. संध्याकाळी मालविकाने येता-जाता पडद्याकडे पाहिले. चारही चित्रे दिसली. ती निश्चिंत झाली.

त्याच संध्याकाळी बाबांनी घोड्यावर टिचकी मारली. खेळ उघडला नाही. एक पाटी आली, तिच्यावर इंग्रजी अक्षरे आणि खाली दोन बटणे. पाटीवर लिहिले होते की हा आयकॉन ज्याकडे नेतो ती वस्तू आता तिथे नाही, तर हा आयकॉन काढून टाकायचा का? बाबांना दिसल्या मुंग्या. मालविकाने त्यांना शिकवून ठेवले होते, पाटी आली की डावीकडचे बटण दाबा, पाटी जाते. त्यांनी ते दाबले. पाटी गेली. घोडाही गेला.

मी त्यांच्या चेहऱ्याकडे पाहत होतो. त्यांनी डोळे चोळले. चष्मा पुसला. पुन्हा पाहिले. मग खुर्चीत मागे टेकून बसले.

दुसऱ्या दिवशी तसेच एकतारीचे झाले. तिसऱ्या दिवशी शंखाचे. आणि मित्रांनो, तेव्हा मला कळले की ते काय समजून बसले आहेत. आधी अक्षरे गेली होती. आता त्यांच्या डोळ्यांतून चित्रेही एकेक करून निघून चालली आहेत, असे त्यांना वाटत होते. दुसरी शीर बंद पडते आहे, आणि घोडा पडद्यावर आहे, फक्त आपल्याला दिसत नाही.

चौथ्या दिवशी त्यांनी माझ्यावर टिचकी मारली. पाटी आली. त्यांचा हात डाव्या बटणाकडे गेला आणि थांबला. कोपऱ्यातली फुली त्यांना अजून चित्र म्हणून ओळखू येत होती. त्यांनी ती दाबली. पाटी गेली, मी राहिलो. “आहे,” ते पुटपुटले. “सहाण अजून आहे.”

त्यानंतर त्यांनी मला हात लावला नाही. रोज सकाळी काँप्युटर लावत आणि तास तास माझ्याकडे बघत बसत. मी दिसतो आहे ना, एवढेच तपासत. कुणाला सांगितले नाही. निनादने ड्यूटीवर जाताना विचारले, “बाबा, सब ठीक? चुपचाप आहात.” ते म्हणाले, “ठीक आहे रे, जा तू.” मालविका बँकेतून आली की बूट काढता काढता विचारी, “बाबा, नीट चालतोय ना आता?” आणि ते म्हणत, “पळतोय पळतोय.” ती बिचारी आधीच मेटाकुटीला आलेली, तिच्या डोक्याला आणखी ताप नको, असा त्यांचा विचार. आणि लाजही वाटत होती. एवढी खपून चित्रे करून दिली पोरीने, आणि आपल्याला तीही दिसेनात.

पण खरी भयंकर गोष्ट त्यांना ठाऊक नव्हती, मला ठाऊक होती. पुसलेले लगेच नाहीसे होत नाही. जुन्या तबकडीवर, म्हणजे हार्ड डिस्कवर, ते अजून असते, फक्त जागा मोकळी म्हणून लिहिलेली असते. त्याच दिवशी काँप्युटर बंद करून जाणकाराकडे नेला असता, तर बहुतेक शब्द हाती लागले असते. इथे तर नवा कारभार रोज इंटरनेटवरून काही ना काही उतरवून घेत होता आणि त्या मोकळ्या जागेवर रचत होता. बाबा मला बघण्यासाठी काँप्युटर लावत, आणि तो लागला की त्यांचे आणखी काही शब्द कायमचे मरत. माझ्याकडे बघू नका हो, बाबा! बंद करा हे! मी किती आक्रोश केला ते सांगता येत नाही. माझ्या अंगावर ती सहाण शांतपणे चकाकत राहिली. त्या चित्राचा मला इतका राग कधी आला नव्हता. ते चित्र नसते, मी साधा पांढरा कागद होऊन पडलो असतो, तर पहिल्याच दिवशी मालविकाला शंका आली असती.

नऊ दिवसांनी, एप्रिलच्या पहिल्या रविवारी, तिला सुट्टी मिळाली. ती चहाचा कप घेऊन बाबांच्या शेजारी येऊन बसली. पडद्याकडे पाहिले आणि म्हणाली, “बाबा, घोडा कुठे गेला?”

बाबांनी गर्रकन मान वळवली. “तुला पण दिसत नाही?”

“नाही हो. एकतारी नाही, शंखही नाही. काढलेत का तुम्ही?”

बाबांनी दोन्ही हातांनी तोंड झाकले आणि ते हमसून हमसून रडू लागले. मालविका घाबरली. तिला काय ठाऊक, ते सुखाने रडत होते! डोळे शाबूत होते. चित्रे खरोखरच गेली होती, त्यांच्यातून काही गेले नव्हते. हुंदके देत देत त्यांनी तिला सगळे सांगितले. ती त्यांच्या पाठीवरून हात फिरवत राहिली. “अहो, मला एकदा हाक मारायची ना,” एवढेच म्हणाली.

मग तिने माझ्यावर टिचकी मारली. पाटी आली. नऊ दिवस जी कुणी वाचली नव्हती ती पाटी तिने वाचली. बाबा म्हणाले, “काय लिहिलंय?” तिने पाटी पुन्हा पहिल्या अक्षरापासून वाचली. “मोठ्याने वाच, मालविके.” तिने मराठीत सांगितले. बाबांच्या चेहऱ्यावरचे ते अर्ध्या घटकेचे सुख माझ्या डोळ्यांदेखत विझले.

तिने शार्दूलला फोन लावला, स्पीकरवर. तो गोंधळला. “अगं, मी काकांना विचारलं होतं! तेच म्हणाले, आधी पुसून घे.”

“पुसून घे म्हणजे विचारून घे रे!” बाबा ओरडले. इतक्या मोठ्याने ओरडताना मी त्यांना कधी ऐकले नव्हते. मग शार्दूल म्हणाला, “काका, मला माहीत नव्हतं.” त्याचा आवाज लहान मुलासारखा झाला होता. बाबांनी हळूच सांगितले, “तुझा दोष नाही. फोन ठेव आता.”

निनादने काँप्युटर रिक्षात घालून गोपीनाथच्या दुकानात नेला. हा गोपीनाथ बुडालेल्या तबकड्यांतून फोटो न् फाइली काढून देतो, असा त्याचा लौकिक. बाबाही हट्टाने बरोबर गेले. गोपीनाथने विचारले, “पोंछने के बाद कितने दिन चलाया?”

“नऊ,” बाबा म्हणाले. मग हिंदीत, “नौ दिन. मैं ही चलाता था.”

“अरे बाबूजी,” गोपीनाथ म्हणाला, “पहले ही दिन ले आते.” मग त्याला बाबांचा चेहरा दिसला असावा. “चलिए, देखते हैं,” म्हणून तो कामाला लागला.

चार दिवसांनी त्याने चौदा शब्द दिले. तीनशे चाळिसांतले चौदा. तेही फाटलेले. कुठे शब्द आहे आणि अर्थ नाही, कुठे बाबांचे नुसते हसू आहे आणि कशाला हसले ते नाही. निनाद म्हणाला, “बाबा, परत बोलू या ना, टाइम आहे आपल्याकडे.” पोटतिडकीने म्हणाला, पण जे उगाळून संपले ते पुन्हा कसे यावे? कोणता शब्द कधी आठवला होता हे बाबांना तरी कुठे आठवत होते! बारा-पंधरा त्यांनी लगेच सांगितले. मग वेग मंदावला. ज्यांना पुसावे, म्हणजे विचारावे, ती माणसे गल्लीतून केव्हाच गेली होती.

मालविकाने नवा कप्पा केला, त्याच्या तीन ठिकाणी प्रती ठेवल्या आणि मला नवा पत्ता दिला. घोडा, एकतारी, शंख पुन्हा आले. माझे चित्र बदलू का, असे तिने बाबांना विचारले. ते नको म्हणाले.

परवा सकाळी बाबांनी लाल बटण दाबले. “आमच्याकडे लग्नाचा मांडव उतरवताना बायका एक शब्द म्हणत,” ते म्हणाले आणि थांबले. मालविका शेजारी बसली होती. तिने काही सुचवले नाही, कारण तिला सुचवता येण्यासारखे नव्हते. बाबांनी डोळे मिटले. बोटे मांडीवर काहीतरी घासत असल्यासारखी फिरत होती. गल्लीतून दूधवाला गेला, कुणीतरी कुणाला हाक मारली, एक माकड पत्र्यावरून धावत गेले. लाल दिवा चालूच होता. चार मिनिटे अकरा सेकंदांनी त्यांनी बटण पुन्हा दाबले.

“ही काढून टाकू का, बाबा?” मालविकाने विचारले.

“राहू दे,” ते म्हणाले. “तो शब्द तिथेच होता.”

मित्रांनो, ती फाइल आता माझ्या पत्त्यावर आहे. माझे तुमच्याकडे मागणे फार नाही. चित्र जागेवर दिसले म्हणून आतले जागेवर आहे असे समजू नका, एकदा उघडून बघा. आणि तुमच्या घरात असे कुणी असेल, ज्याला पडद्यावरची अक्षरे लागत नाहीत, आणि तो पाटीसमोर गप्प बसून “ठीक आहे” म्हणत असेल, तर त्याच्यावर विश्वास ठेवू नका. हातातले काम टाका, त्याच्या शेजारी जाऊन बसा आणि ती पाटी त्याला मोठ्याने वाचून दाखवा. त्याच दिवशी वाचून दाखवा.